शाहिरीच्या वाटेवरचे दोघे

२ एप्रिल २०१३ रोजी दोन तरुण शाहीर मुंबईत विधानभवनाबाहेर आले, गाणी म्हटली, घोषणा दिल्या आणि पोलिसांच्या ताब्यात गेले. शीतल साठे आणि सचिन माळी. त्याआधी जवळजवळ दोन वर्षे ते भूमिगत होते. आपण शरण आलेलो नाही, अभिव्यक्तीच्या स्वातंत्र्यासाठी सत्याग्रह करतो आहोत, असे त्यांनी सांगितले. पुढच्या दिवसांतल्या बातम्यांत कलमे होती, आरोप होते, संघटनांची नावे होती. हे दोघे काय गातात, कसे गातात, त्यांच्या चाली कुठल्या, त्यांचा डफ कोणाकोणाच्या हातून फिरत त्यांच्यापर्यंत आला, याला बातमीत जागा मिळत नाही. ती जागा या पुस्तकाने दिली आहे. म्हणून पालमसारख्या तालुक्याच्या गावी बसून त्याची प्रस्तावना लिहिताना मला मनापासून आनंद होतो आहे.

पुस्तक एका जोडीच्या कारकिर्दीवर आहे, पण लेखकाने जोडीला तिच्या मुळांपासून तोडून काढलेले नाही. एका अंगाला जगभरातल्या अंडरग्राऊंड रॉकचा, विशेषतः दोनच माणसांच्या बँडचा संदर्भ आहे. दुसऱ्या अंगाला सव्वाशे वर्षांहून जुनी जलशाची परंपरा आहे. हस्तलिखित वाचून आमच्या ओळखीतल्या काहींनी विचारले, की रॉक आणि जलसा एकाच पुस्तकात कशाला? माझ्या मते हे दोन्ही एका प्रश्नाने जोडलेले आहेत. कोणाच्या पैशावर आणि कोणाच्या परवानगीने गायचे, हा तो प्रश्न. स्वतंत्र म्हणवणाऱ्या प्रत्येक कलावंताला तो रोज सोडवावा लागतो. त्याचे उत्तर वाद्यांत सापडत नाही, हिशेबाच्या वहीत सापडते.

रॉक संगीताचा ज्यांचा फारसा संबंध आलेला नाही त्यांच्यासाठी थोडे सांगतो. साठच्या दशकापासून इंग्लंड-अमेरिकेत रॉक हा प्रचंड पैशाचा धंदा झाला. कंपनी करार करणार, कंपनी स्टुडिओ देणार, कंपनीच ठरवणार कोणते गाणे बाजारात जाईल. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात पंक आले आणि कंपनीशिवाय चालता येते हे काही पोरांनी करून दाखवले. वॉशिंग्टनमध्ये १९८० साली इयन मकाय आणि जेफ नेल्सन यांनी ‘डिसकॉर्ड’ हे स्वतःचे रेकॉर्ड लेबल काढले. त्याच मकायचा ‘फुगाझी’ हा बँड जगभर गाजला, तरी तिकीट पाच डॉलरच्या आसपास ठेवण्याचा हट्ट त्याने सोडला नाही. पुढे २००१ मध्ये मकाय आणि एमी फरिना यांनी ‘द इव्हन्स’ नावाची जोडी केली. एकाच्या हाती बॅरिटोन गिटार, दुसरीकडे ड्रम, आणि गाणे दोघांचे. मोठे क्लब त्यांनी टाळले. वाचनालये, वस्तीतली सभागृहे, जिथे लेकराबाळांसह माणसे येऊ शकतील अशा जागा निवडल्या आणि स्वतःचे स्पीकर स्वतः वाहून नेऊन कार्यक्रम केले. जॅक आणि मेग व्हाइट यांची डेट्रॉइटची ‘द व्हाइट स्ट्राइप्स’ ही जोडी (१९९७ ते २०११) याहून कितीतरी पटीने प्रसिद्ध झाली. बँडमध्ये बेस गिटारच नाही, म्हणजे घराला मधला खांब नाही, तरी घर उभे. त्या मोकळ्या जागेतूनच त्यांचा आवाज घडला.

दोघांच्या बँडचे व्यवहारातले फायदे कोणालाही पटतील. एका गाडीत सगळे सामान मावते. मिळकतीचे दोनच वाटे होतात. तालमीला चौघांच्या सवडीची वाट पाहावी लागत नाही. तोटाही तितकाच ठळक आहे. एकाचा घसा बसला की कार्यक्रम बसला, आणि दोघांत बिनसले की सगळेच संपले. आपल्याकडे तुणतुणे आणि संबळ घेऊन फिरणारे गोंधळी हे गणित पिढ्यान्पिढ्या जाणतात.

महाराष्ट्रात रॉक होते आणि आहे. फरहाद वाडियांनी १९८६ साली सुरू केलेला ‘इंडिपेंडन्स रॉक’ हा महोत्सव बराच काळ मुंबईत धोबीतलावजवळच्या रंगभवनात भरायचा. ‘रॉक मशीन’ (पुढचे नाव ‘इंडस क्रीड’), ‘पेंटाग्राम’ अशा बँडनी तिथल्या पिढीला वेड लावले. पण ती चळवळ मुख्यतः इंग्रजीतली आणि शहरातली राहिली. परभणी, गंगाखेड, पालम या बाजूच्या पोरांपर्यंत ती टीव्हीवरून आली तेवढीच. गिटार, अँप्लिफायर, सरावाची खोली, या सगळ्याला पैसा लागतो. डफाला तो लागत नाही. त्यामुळे मराठीतले खरे अंडरग्राऊंड संगीत शोधायचे असेल तर रंगभवनातून बाहेर पडून वस्तीत यावे लागते, हा या पुस्तकाचा पहिला आग्रह आहे. मी त्याच्याशी पूर्ण सहमत आहे.

वस्तीत आले की जलसा भेटतो. जोतीराव फुल्यांनी १८६९ मध्ये शिवाजी महाराजांचा पोवाडा लिहिला आणि १८७३ मध्ये सत्यशोधक समाज स्थापन केला. त्यांच्या निधनानंतरच्या दशकांत सत्यशोधकांनी तमाशाचा साचा उचलला आणि त्यातला मजकूर बदलला. गण, गवळण, बतावणी, वग हा क्रम लोकांच्या अंगवळणी पडलेला होता. तोच ठेवून गणात गणपतीऐवजी निर्मिकाला वंदन आले, बतावणीत भटजी आणि सावकार यांची झाडाझडती आली, आणि वगात शिक्षण, हुंडा, कर्ज असे विषय आले. ओतूरचे भीमराव महामुनी हे या कामातले आद्य नाव. ज्याला अक्षरओळख नाही त्याच्यापर्यंत विचार न्यायचा, तर त्याच्या करमणुकीच्या वाटेनेच न्यावा लागेल, हे शहाणपण इतक्या लवकर आणि इतक्या पद्धतशीरपणे वापरल्याची उदाहरणे फार थोडी असतील.

आंबेडकरी जलसा ही पुढची आणि माझ्या मते सर्वांत कसदार शाखा. नाशिक जिल्ह्यातल्या भीमराव कर्डकांचा जलसा १९३१ च्या सुमाराचा. त्या वेळी काळाराम मंदिराचा सत्याग्रह चालू होता. दिवसभर सभा आणि रात्री जलसा, असा तो काळ. बाबासाहेब स्वतःच्या भाषणांपेक्षा जलशाचे काम मोठे मानत, अशी आठवण जुने जलसाकार सांगत आले. कर्डकांनी उतारवयात या जलशांचे स्वरूप आणि कार्य यांवर पुस्तक लिहिले, ते आजही या विषयात शिरण्याचा पहिला दरवाजा आहे. त्यानंतर आले वामनदादा कर्डक. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे. जन्म १९२२, मृत्यू २००४, पहिले गाणे १९४३ चे. वामनदादांनी जलशाचा मोठा डोलारा बाजूला ठेवून सुटे गाणे गावोगावी नेले. एक माणूस, एक पिशवी आणि जिथे मुक्काम तिथे गाणे. त्यांची हजारो गाणी कंपनीमुळे टिकली नाहीत. माणसांनी ती वहीत उतरवून घेतली, पाठ केली आणि पुढच्या गावी म्हटली. मराठीतला स्वतंत्र गायक म्हणजे काय, याचा पहिला पूर्ण नमुना माझ्या लेखी वामनदादाच.

तिसरी शाखा लाल. १९४४ मध्ये अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि द. ना. गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभे केले. गिरणगावच्या मैदानांत त्यांनी हजारो माणसे बसवली आणि संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्यांच्या आवाजाने सभा पेटल्या. मुंबई सरकारने त्यांच्या कार्यक्रमांवर बंदी घातली होती, आणि त्यामुळे अण्णा भाऊंचे लोकनाट्य लोक अधिकच ऐकू लागले. पण या शाखेला पक्षाचा आधार होता आणि पक्षाच्या आधाराला पक्षाचा लगामही असतो. निळ्या, म्हणजे आंबेडकरी, आणि लाल शाहिरीत हा ताण आहे. जातीचा प्रश्न आधी की वर्गाचा, कलावंताने चळवळीत राहायचे की पक्षात, या वादात भल्याभल्यांच्या मैत्री तुटल्या आहेत. शीतल साठे आणि सचिन माळी यांची कारकीर्द समजून घ्यायची तर हा ताण आधी समजून घ्यावा लागतो. नवख्या वाचकाने पुस्तकातले त्यावरचे प्रकरण घाईने वाचू नये.

ऐंशीच्या दशकात कॅसेट आली. प्रल्हाद शिंदे, विठ्ठल उमप यांचे आवाज घराघरांत गेले. ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर आणि विजयादशमीला दीक्षाभूमीवर पुस्तिका आणि कॅसेटींचे जे स्टॉल लागत, तो आपल्याकडचा स्वतंत्र संगीताचा सर्वांत मोठा बाजार होता. शहरातल्या संगीत समीक्षकांनी त्याची दखल घेतली नाही, याचे मला आजही वाईट वाटते. विठ्ठल उमप २०१० साली नागपूरला दीक्षाभूमीवरच, कार्यक्रमाच्या मंचावर वारले.

मराठवाड्यात या गाण्याला आणखी एक धार होती. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाने मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचे नाव देण्याचा, म्हणजे नामांतराचा, ठराव केला आणि आमच्या भागात वस्त्या जाळल्या गेल्या. १४ जानेवारी १९९४ च्या नामविस्तारापर्यंतची सोळा वर्षे इथल्या शाहिरांनी गाण्यावर काढली. रस्ता नसलेल्या गावात सायकलवर डफ बांधून जाणारी माणसे त्या काळात होती. त्यांची नावे कोणत्याही कॅसेटवर नाहीत.

११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याच्या विटंबनेनंतर जमलेल्या लोकांवर पोलिसांनी गोळीबार केला. दहा माणसे गेली. त्यानंतर काही दिवसांत शाहीर विलास घोगरे यांनी आपले आयुष्य संपवले. आनंद पटवर्धन यांनी याच घटनेपासून चित्रण सुरू केले आणि चौदा वर्षांनी ‘जय भीम कॉम्रेड’ हा तीन तासांहून मोठा माहितीपट पूर्ण केला. तो वस्त्यावस्त्यांत दाखवला गेला. संभाजी भगत यांचे कामही याच काळातले. ‘शिवाजी अंडरग्राऊंड इन भीमनगर मोहल्ला’ हे २०१२ चे नाटक त्यांच्या संकल्पनेतून आले, ते लिहिले आमच्या शेजारच्या जालना जिल्ह्यातल्या जांबसमर्थच्या राजकुमार तांगडे यांनी, दिग्दर्शन नंदू माधव यांचे, आणि त्यात मराठवाड्यातले शेतकरी रंगमंचावर उभे राहिले. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मध्ये म्हातारा लोकशाहीर आरोपीच्या पिंजऱ्यात दिसतो. त्या चित्रपटाचे संगीतही भगतांचेच.

या पार्श्वभूमीवर पुण्यात २००२ साली, गुजरातच्या हिंसाचारानंतर, कबीर कला मंच सुरू झाला. पुण्याच्या कासेवाडीत वाढलेल्या शीतल साठे तिथे गाऊ लागल्या. सचिन माळी कवी. २००६ मध्ये खैरलांजीत दलित कुटुंबाचे हत्याकांड घडले आणि मंचाचे गाणे अधिक टोकदार झाले. या जोडीची वाटणी ढोबळमानाने अशी, की शब्द बहुतेक सचिन यांचे आणि आवाज शीतल यांचा. पण चाल बसवताना शब्द बदलतात, गाताना श्वासासाठी ओळ तोडावी लागते. म्हणून शब्द एकाचे आणि सूर दुसरीचा असे इतके सरळ ते राहत नाही.

शीतल साठे यांच्या गाण्याकडे जरा जवळून पाहू. पोवाड्याची परंपरा मुख्यतः पुरुषांच्या गळ्याची. शाहीर पहिली ओळ उचलतो, मागचे झीलकरी ‘जी जी’ करत ती लांबवतात, तेवढ्यात शाहीर दम घेतो. शीतल याच साच्यात उभ्या राहतात, पण पट्टी वरची. माइक नसला तरी आवाज मागच्या रांगेपर्यंत पोचावा अशी फेक. सुरुवातीच्या कडव्यात त्या जवळजवळ बोलतात, सूर खाली ठेवतात, डफ नुसता ठेका धरून असतो. मग एका शब्दावर, बहुधा माणसाच्या किंवा गावाच्या नावावर, आवाज एकदम वर जातो आणि तिथेच थांबतो. झीलकरी मागून येतात तेव्हा ऐकणाऱ्याच्या पोटात गलबलते. आलापी नाही, मुरक्या नाहीत. दुःख सांगताना त्या गळा भरून आणत नाहीत. लेखकाने या गायकीवर लिहिलेली पाने पुस्तकातली सर्वांत चांगली आहेत, कारण त्याने स्वतः डफ वाजवलेला आहे. दमट हवेत चामडे सैल पडते म्हणून कार्यक्रमाआधी डफ जाळावर धरून शेकावा लागतो, बोट मारून आवाज तपासावा लागतो, पुन्हा शेकावा लागतो. आता फायबरचे पान लावलेले, नटबोल्टने ताणायचे डफ आले आहेत, त्यांना शेकावे लागत नाही. पण त्यांचा आवाज कोरडा. चामड्याच्या डफात ठोक्यानंतर जे गुंजन राहते त्याच्यावर या गाण्यातले मौन उभे असते, असे लेखक म्हणतो. मला ते तंतोतंत पटले.

२०११ च्या मे महिन्यात मंचाशी संबंधित काहींना दहशतवादविरोधी पथकाने बेकायदेशीर कृत्ये (प्रतिबंध) कायद्याखाली अटक केली. माओवाद्यांशी संबंध असल्याचा पोलिसांचा आरोप होता. कलावंतांनी तो नाकारला. शीतल, सचिन आणि आणखी काही जण भूमिगत झाले. २ एप्रिल २०१३ च्या अटकेच्या वेळी शीतल गरोदर होत्या. त्यांना त्याच वर्षी जूनमध्ये मुंबई उच्च न्यायालयाने जामीन दिला. सचिन मात्र पावणेचार वर्षे तुरुंगात राहिले. जानेवारी २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाकडून त्यांना जामीन मिळाला. तुरुंगात त्यांनी लिहिणे थांबवले नाही. या काळात जोडी म्हणजे काय, याची कसोटी लागली. एक आत, एक बाहेर, आणि गाणे दोघांचे. बाहेरच्या एकटीने कार्यक्रम चालू ठेवले. त्या काळात बोलावणारे कमी झाले होते, हे वेगळे सांगायला नको.

आनंद पटवर्धन यांनी आपल्या चित्रपटाला मिळालेल्या पुरस्काराच्या रकमेतून या कलावंतांसाठी बचाव समितीच्या कामाला सुरुवात केली. स्वतंत्र कलेचा पैसा असाही फिरतो.

सुटकेनंतर या दोघांनी ‘नवयान महाजलसा’ या नावाने आपले काम उभे केले. कबीर कला मंचापासून ते वेगळे झाले होते. मंचातल्या तीन कलावंतांना सप्टेंबर २०२० मध्ये एल्गार परिषद प्रकरणात अटक झाली, तेव्हा हे दोघे मंचात नव्हते. हे वेगळे होणे काहींना खटकले, काहींना ते उशिराचे शहाणपण वाटले. मला त्यात जलशाच्या इतिहासातला तोच जुना ताण पुन्हा दिसतो. जलसा या शब्दाकडे, म्हणजे फुले-आंबेडकरांच्या सांस्कृतिक परंपरेकडे ठामपणे येणे हा त्यांचा कलेतला निर्णय आहे. तो राजकीय अर्थाने वाचता येतो, पण तेवढ्यावर थांबू नये. कलापथकात गाणे चळवळीच्या मागून चालते. जलशात गाणे पुढे असते, आणि श्रोत्याला हसवायची, रडवायची, कंटाळा येऊ न देण्याची जबाबदारी कलावंतावर येते. ही जबाबदारी जड असते. ती त्यांनी उचलली.

हे सारे आजच का सांगायचे? आमच्या पालम-गंगाखेड पट्ट्यात एप्रिल-मे म्हणजे जयंतीचे दिवस. १४ एप्रिलनंतर महिनाभर गावोगावी मिरवणुका असतात. पूर्वी मिरवणूक संपली की रात्री चौकात गाण्याचा कार्यक्रम असे. दिवाळीनंतर ऊसतोडीला गेलेली माणसे तोवर परतलेली असत, चार पैसे हातात असत, आणि वर्गणी देताना कार्यक्रम कोणाचा ठेवायचा यावर पारावर वाद होत. आता वर्गणीचा मोठा वाटा डीजेला जातो. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनी रात्री दहानंतर ध्वनिक्षेपक बंद करावा लागतो. रात्रभर रंगणारा जलसा त्यामुळे दोन तासांत बसवावा लागतो. त्याआधी परवानगीचे कागद, पोलीस ठाण्याच्या खेपा. संहिता असेल तर रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाचा शिक्का. नव्या पोराने या सगळ्यातून जाण्यापेक्षा पेन ड्राइव्ह लावणे पसंत केले तर त्याला दोष कसा द्यायचा?

तरीही गाणे आटलेले नाही. अमरावतीचा सौरभ अभ्यंकर ‘१०० आरबीएच’ या नावाने वऱ्हाडी ठसक्यात रॅप करतो. मुंबईच्या ‘स्वदेसी’ने आरेच्या जंगलातल्या आदिवासी कलावंताला सोबत घेऊन गाणे केले. चेन्नईत ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’ने जानेवारी २०१८ मध्ये पहिला जाहीर कार्यक्रम केला तेव्हा तिथल्या वस्त्यांतले ‘गाना’ हे लोकसंगीत, रॉक आणि रॅप एका मंचावर आले. या मुलांना मोबाइल हाच स्टुडिओ आहे. पण मोबाइलवरच्या कंपनीचेही नियम असतात. गाणे कोणाला दाखवायचे आणि कोणाला नाही हे ती ठरवते. मकायने रेकॉर्ड कंपनीपासून जे अंतर ठेवले, ते अंतर या पिढीला वेगळ्या तऱ्हेने राखावे लागेल. त्यासाठी समोर बसलेला श्रोता लागतो. जलशाकडे तो होता. अजूनही आहे.

आता पुस्तकाविषयी. लेखकाने यात न्यायालयीन प्रकरणाचा निकाल लावायचा प्रयत्न केलेला नाही, आणि ते योग्य केले आहे. तारखा आणि आदेश जेवढे सार्वजनिक आहेत तेवढेच दिले आहेत. या जोडीची गाणी पूर्ण छापण्याचा मोहही त्याने आवरला आहे. गाणे कागदावर अर्धेच उरते, ते ऐकावे, असे त्याचे म्हणणे. त्याऐवजी त्याने चालींचे मूळ शोधले आहे. कुठली चाल ओवीची, कुठली गोंधळातली, कुठली कव्वालीच्या अंगाने आलेली, हे तो वाद्य हातात घेऊन समजावतो. गंगाखेडच्या जनाबाईची जात्यावरची ओवी आणि आजच्या शाहिराची आईवरची रचना यांतला धागा त्याने दाखवला आहे. तो थोडा ओढून आणलेला वाटेल, पण त्यावर विचार करावा असा आहे.

एका ठिकाणी माझे त्याच्याशी पटत नाही. दोघांचा बँड आणि शाहिरांची जोडी यांची तुलना तो फार पुढे नेतो. ‘द व्हाइट स्ट्राइप्स’च्या दोघांना रंगमंचावर तिसऱ्याची गरज नव्हती, तोच त्यांचा डाव होता. जलशाला झीलकरी लागतात. शीतल साठे यांचा आवाज वर जाऊन थांबतो तेव्हा त्याला झेलणारे चार गळे मागे असतात, आणि ते चौघे बदलत राहतात. कोणी नोकरीला लागतो, कोणाचे लग्न होते, कोणी भीतीने येणे सोडतो. या बदलत्या माणसांवर एक स्वतंत्र प्रकरण हवे होते. पुढच्या आवृत्तीत ते यावे असा माझा आग्रह आहे, आणि लेखकाने तो मान्य केला आहे. याउलट, दोघांच्या मिळकतीवरचे प्रकरण मी दोनदा वाचले. बिदागी किती ठरते, किती हातात पडते, जीपचे भाडे, वाद्यांची दुरुस्ती, एखाद्या आंदोलनात फुकट गायचे तर तो खर्च कोणत्या कार्यक्रमातून काढायचा, हे इतक्या सरळपणे मराठीत फारसे कोणी मांडलेले नाही. आपण शाहिराच्या त्यागाचे गोडवे गातो आणि त्याच्या परतीच्या भाड्याची चौकशी करत नाही. शाहिराने उपाशी राहून क्रांती गावी ही अपेक्षा बाळगणारे आपण श्रोते म्हणून फार कमी पडलो आहोत.

कंपनीचा आधार घेतला तर कंपनीचा धाक, पक्षाचा घेतला तर पक्षाचा, सरकारचा घेतला तर अनुदानाच्या फायलीचा. वामनदादांना गावाने जेवू घातले, वहीत उतरवून घेतले, पुढच्या गावापर्यंत सोडले, म्हणून ते कोणाचे मिंधे झाले नाहीत. शीतल साठे आणि सचिन माळी यांना पडत्या काळात ज्यांनी बोलावले त्यांतही अशा साध्या वस्त्या होत्या. स्वतंत्र कलावंताचे स्वातंत्र्य शेवटी त्याला बोलावणाऱ्यांवर उभे असते.

म्हणून वाचकांना, विशेषतः आमच्या परभणी-नांदेडकडच्या जयंती मंडळांतल्या तरुणांना, माझी एक विनंती आहे. हे पुस्तक वाचून झाले की येत्या एप्रिलमध्ये एक रात्र डीजे बंद ठेवा. आपल्या तालुक्यातला एखादा शाहीर शोधा, सापडतोच. त्याला वेळेवर बोलावणे पाठवा, परवानगीचे कागद तुम्ही करा, बिदागी आधी ठरवा आणि कार्यक्रम संपल्यावर त्याच रात्री, जाण्यायेण्याच्या भाड्यासकट, त्याच्या हातात द्या.